गुत्ता, आडवी बाटली आणि शेजाऱ्याचा शब्द

आमच्या मराठवाड्यात रस्त्याचे, पुलाचे काम घेणाऱ्या माणसाला जुनी मंडळी 'ठेकेदार' म्हणत नाहीत, 'गुत्तेदार' म्हणतात. आणि 'अमका गुत्त्यावर बसलाय' असे कुणी म्हटले, की तो कुठे बसला आहे हे ऐकणाऱ्याला बरोबर कळते. पुण्या-मुंबईकडच्या आमच्या नातवंडांना या दोन शब्दांचा संबंध लागत नाही, म्हणून सांगतो. गुत्ता म्हणजे मक्ता. निजामाच्या राज्यात शिंदी आणि दारू विकण्याचा हक्क लिलावाने दिला जाई. जास्त बोली बोलेल त्याचा गुत्ता. पुढे मक्ता जिथे चाले त्या जागेलाच लोक गुत्ता म्हणू लागले. राज्य गेले, लिलाव गेले, शब्द मात्र राहिला.

त्या लिलावात दोनच माणसे असत. एक सरकार आणि दुसरा बोली बोलणारा. ज्याच्या दारासमोर गुत्ता बसणार त्याला कुणी विचारत नसे. तो तिसरा माणूस. आज लिहायचे आहे ते या तिसऱ्या माणसाबद्दल. दारू चांगली की वाईट यावर आमच्या नरसीत वेगळे काही सांगायला नको. हे नामदेव महाराजांचे गाव. आषाढीनंतरच्या परतवारीला इथे माणसांचा पूर लोटतो, आणि गळ्यात माळ घातलेला माणूस दारूला शिवत नाही. पण माळ हा ज्याचा त्याचा नेम झाला. माळेने दुकान हलत नाही. दुकान हलवायचे, किंवा येऊच द्यायचे नाही, तर कायद्याच्या दारात उभे राहावे लागते. तिथे शेजाऱ्याच्या शब्दाला किती वजन आहे, आणि ते कसकसे आले, हे पाहण्यासारखे आहे.

मला माहीत असलेली आपल्याकडची एक जुनी लेखी हरकत महात्मा फुल्यांची आहे. जोतीराव पुणे नगरपालिकेचे सभासद होते. १८८० साली त्यांनी शहरात वाढत चाललेल्या दारूच्या दुकानांविरुद्ध नगरपालिकेला पत्र लिहिले. एकीकडे नगरपालिका लोकांच्या आरोग्यासाठी खर्च करते आणि दुसरीकडे वस्तीत दुकाने वाढत जातात, हा विसंवाद त्यांनी दाखवून दिला. दोनच वर्षे आधी, १८७८ साली, मुंबई इलाख्याचा आबकारी कायदा झाला होता. सरकारला दारूपासून महसूल हवा होता आणि दुकाने वाढली की महसूल वाढे. अशा वेळी नगरपालिकेच्या सभासदाने, म्हणजे गावाच्या प्रतिनिधीने, 'आम्हालाही यात बोलायचे आहे' असे लेखी म्हणणे ही लहान गोष्ट नव्हती. १९०८ साली पुण्यात टिळकांच्या पुढाकाराने दारूच्या दुकानांपुढे निरोधने झाली. मिठाच्या सत्याग्रहाच्या वेळी, १९३० मध्ये, देशभर बायका दुकानांसमोर उभ्या राहिल्या.

इकडे निजामाच्या राज्यात उभे राहणेसुद्धा कठीण. आबकारी हा निजाम सरकारच्या उत्पन्नाचा फार मोठा भाग होता. म्हणून १९४७-४८ च्या लढ्यात स्वामी रामानंद तीर्थांच्या नेतृत्वाखालच्या स्टेट काँग्रेसने जे कार्यक्रम दिले, त्यांत शिंदीची झाडे तोडणे हाही एक होता. शाळेत मुक्तिसंग्राम शिकवताना मुले हमखास विचारायची, 'गुरुजी, झाडे का तोडली? झाडांचा काय गुन्हा?' मी सांगायचो की तो घाव झाडावर नव्हता, खजिन्यावर होता. १७ सप्टेंबर १९४८ ला संस्थान मुक्त झाले. म्हाताऱ्या माणसांना वाटले की आता गुत्ताही जाईल.

तसे होण्याची चिन्हेही होती. राज्यघटनेच्या ४७ व्या कलमात दारूबंदीच्या दिशेने जाणे हे राज्याचे कर्तव्य म्हणून लिहिले गेले. मुंबई राज्यात १९४९ चा दारूबंदी कायदा झाला आणि १९५० पासून राज्यभर बंदी आली. १९५६ साली मराठवाडा मुंबई राज्यात आला आणि पुढे तो कायदा आमच्याकडेही लागू झाला. मग बंदी सैल होत गेली. हातभट्टी वाढली, महसूल बुडाला, आणि १९७३ साली देशी दारूचे नियम येऊन सरकारमान्य देशी दारूची दुकाने रीतसर बसली. गंमत पहा, दुकानाला परवाना मिळतो तो 'दारूबंदी कायद्या'खालीच! कायद्याचे नाव ऐकून खेड्यातल्या माणसाला वाटते की हा आपल्या बाजूचा कायदा आहे.

आता एक गोष्ट नीट लक्षात घ्यायला हवी, नाहीतर पुढचे कळणार नाही. १९७० च्या दशकात महाराष्ट्र सरकारने अशा दुकानांचे नवे परवाने देणे थांबवले. म्हणजे गावात किंवा गल्लीत एखादे दुकान 'नवे' दिसते, ते बहुधा नवे नसते. कुठलातरी जुना परवाना जागा बदलून तिथे आलेला असतो. म्हणून भांडण बहुतेक वेळा स्थलांतराचे असते. दुकानदाराजवळ परवाना आधीचाच असतो, भाडेकरार झालेला असतो, फळ्या-कपाटे लागलेली असतात. शेजाऱ्याला कळते तेव्हा पाटी रंगवून तयार असते. तिथून पुढे सिद्ध करायची सगळी जबाबदारी शेजाऱ्यावर.

पहिला आधार असतो अंतराचा. शाळा, धार्मिक संस्था, एस.टी. स्थानक यांच्यापासून ठराविक मीटरच्या आत दुकान नको, असा नियम आहे. ऐकायला सरळ आहे, मोजायला नाही. अंतर मोजतात ते दुकानाच्या दाराच्या मध्यापासून संस्थेच्या फाटकाच्या मध्यापर्यंत, आणि तेही माणूस एरवी पायी जातो त्या जवळच्या वाटेने. मी नोकरीत असताना एका गावी (नाव कशाला घ्यायचे) शाळेच्या मागच्या अंगाला दुकान आले. आम्ही गावकऱ्यांनी अर्ज केला. टेप घेऊन माणसे आली. आमचे फाटक पुढच्या बाजूला, आणि मागच्या कुंपणाला मुलांनी येण्याजाण्यासाठी पाडलेले भगदाड. निम्मी शाळा त्या भगदाडातूनच यायची, आणि तिथून दुकान हाकेच्या अंतरावर. पण भगदाड म्हणजे फाटक नव्हे! वळसा घालून टेप फाटकापर्यंत आली तेव्हा अंतर नियमापेक्षा जास्त भरले. अर्ज निकाली निघाला. देवळाचेही तसेच आहे. नियमातली धार्मिक संस्था ही नोंदलेल्या सार्वजनिक ट्रस्टची लागते. पारावरच्या मारुतीला कागद नसतात, म्हणून तो मोजणीत येत नाही. त्या दिवशी माझ्या ध्यानात आले की नियमाला शाळेची भिंत दिसते, शाळेत येणारे मूल दिसत नाही.

अंतराच्या पलीकडे जाऊन 'आम्हाला नको' एवढ्याच कारणाने दुकान बंद करता यावे, ही मागणी बायकांनी पुढे रेटली. १९७२ साली तेव्हाच्या धुळे जिल्ह्यातल्या शहाद्याकडे भिल्ल बायका गावोगाव फिरून दारूची मडकी फोडत होत्या. गडचिरोलीत मोठी चळवळ होऊन १९९३ पासून जिल्ह्यात दारूबंदी आली, डॉ. अभय आणि राणी बंग यांचे काम सर्वांना माहीत आहे. आंध्रात १९९२ साली नेल्लोर जिल्ह्यातल्या दुबगुंट्याच्या बायकांनी लिलावच होऊ दिला नाही, आणि तिथून सगळे राज्य पेटले. मडकी फोडायला मात्र किती दिवस जायचे? कायद्यात जागा हवी होती. महाराष्ट्रात ती मतदानाच्या रूपाने मिळाली. २००८ सालच्या आदेशाने तिची आजची रीत ठरली.

ती रीत अशी. गावातल्या किंवा वॉर्डातल्या किमान २५ टक्के महिला मतदारांनी सह्या करून अर्ज द्यायचा. अधिकारी सह्या तपासतो. सह्या खऱ्या निघाल्या की गुप्त मतदान होते. मतपत्रिकेवर दोन चित्रे, एक उभी बाटली आणि एक आडवी. दुकान राहावे वाटते त्यांनी उभीवर शिक्का मारायचा, बंद व्हावे वाटते त्यांनी आडवीवर. अक्षर न येणाऱ्या बाईलाही समजावे अशी ही चित्रे ज्याने सुचवली त्याचे कौतुक केले पाहिजे. सातारा जिल्ह्यातल्या जावळी तालुक्यातल्या बायकांनी याच मार्गाने दुकाने बंद करून दाखवली. 'आडवी बाटली' हा शब्दप्रयोग मराठीत रुळला तो त्यांच्यासारख्यांमुळेच.

पण या रीतीत एक मेख आहे. आडवी बाटली जिंकायला पडलेल्या मतांपैकी जास्त मते मिळून भागत नाही. यादीतल्या एकूण महिला मतदारांच्या निम्म्यापेक्षा जास्त मते आडवीला पडावी लागतात. कितीतरी ठिकाणी असे झाले आहे, की पडलेल्या मतांत आडवी उभीच्या खूप पुढे होती, पण यादीच्या निम्म्यापर्यंत पोचली नाही, म्हणून दुकान राहिले.

आमच्या भागातल्या एका गावच्या बचत गटाच्या बायकांनी मला हा नियम वाचून दाखवायला बोलावले होते. गाव जवळच आहे, नाव लिहीत नाही. सवयीने मी खडू हातात घेतला आणि फळ्यावर गणित मांडले. समजा, यादीत बायका ८००. सह्या पाहिजेत २००. त्या होतील. आता मतदान. आडवीला पाहिजेत ४०१. दिवाळीनंतर ऊसतोडीला गेलेल्या समजा २५०. लग्न होऊन गेलेल्या पण नाव यादीतच असलेल्या ६०. वारलेल्या, पण नाव न काढलेल्या २०. उरल्या ४७०. या ४७० पैकी ४०१ बायांनी घरचे काम टाकून, नवऱ्याचा डोळा चुकवून यायचे आणि सगळ्यांनी आडवीवरच शिक्का मारायचा. म्हणजे गावात हजर असलेल्या शंभरातल्या पंच्याऐंशी.

मागे बसलेली एक म्हातारी बराच वेळ फळ्याकडे बघत होती. ती म्हणाली, "म्हंजे गुरुजी, जी बाई गावात न्हाई, तिचंबी मत उभ्या बाटलीलाच का?"

मी इतकी वर्षे गणित शिकवले, पण इतके थेट उत्तर मला मुलांकडून क्वचितच मिळाले. अगदी तसेच आहे. गैरहजर बाई, माहेरी गेलेली बाई, वारलेली बाई, सगळ्या उभ्या बाटलीच्या बाजूला धरल्या जातात. २०२४ च्या लोकसभेला देशात सुमारे ६६ टक्के मतदान झाले. पडलेल्या मतांपैकी निम्मी मते मिळवणारा उमेदवारसुद्धा यादीच्या एक तृतीयांशांचाच झाला, आणि निवडून यायला तर निम्मी मतेही लागत नाहीत. देशाचा कायदा करणारा माणूस निवडायला जेवढी मते लागतात, त्याहून जास्त गल्लीतले एक दुकान उठवायला लागतात!

त्या गावातले दुकान आधी गावात नव्हतेच, हमरस्त्यावर होते. ते आत कसे आले ही गोष्टही थेट दिल्लीपासून सुरू होते. १५ डिसेंबर २०१६ ला सर्वोच्च न्यायालयाने दारू पिऊन होणाऱ्या अपघातांचा विचार करून निकाल दिला, की राष्ट्रीय आणि राज्य महामार्गांपासून ५०० मीटरच्या आत दारूची दुकाने नकोत. पुढे ३१ मार्च २०१७ ला वीस हजारांपर्यंत लोकवस्तीच्या गावांसाठी हे अंतर २२० मीटर केले. हेतू चांगलाच होता, रस्त्यावरचा जीव वाचावा. पण परवाना तर जिवंत होता. रस्त्यावरून उठलेले दुकान जाणार कुठे? महाराष्ट्रात हजारो दुकानांपुढे हा प्रश्न आला. काही बंद पडली, काही वस्तीत शिरली. पुढे सवलती मिळत गेल्या आणि २०१८ मध्ये ग्रामपंचायतीच्या हद्दीतल्या दुकानांबाबत ठरवायचे न्यायालयाने राज्यांवर सोपवले. मात्र या गावात आत आलेले दुकान आतच राहिले. रस्त्यावरचा ट्रक ड्रायव्हर वाचला असेल, त्याचा आनंदच आहे. पण ज्या बाईच्या ओट्यासमोर ते दुकान येऊन बसले, तिला दिल्लीत कुणी विचारले नव्हते आणि गावातही नाही.

माझी एक पुतणी पिंपरी-चिंचवडला राहते. फोनवर हे सगळे सांगितले तेव्हा ती म्हणाली, "काका, आमच्याकडे आता सोसायटीची परवानगी लागते." तिचे बरोबर आहे. मार्च २०२५ मध्ये तेव्हाचे उपमुख्यमंत्री अजित पवार यांनी विधानसभेत घोषणा केली, की गृहनिर्माण सोसायटीच्या आवारातल्या गाळ्यात बिअर किंवा दारूचे दुकान सुरू करायचे तर सोसायटीचे ना हरकत प्रमाणपत्र लागेल. ऐकून बरे वाटले. फुल्यांच्या पत्रानंतर १४५ वर्षांनी तिसऱ्या माणसाला आधी विचारायचे ठरले. पण मनात आले, की शहरात शेजाऱ्याने 'नाही' म्हटले तर दुकान येत नाही, आणि खेड्यात दुकान आल्यावर बाईने यादीच्या निम्म्या बाया गोळा करून आणायच्या. शहरात गप्प बसलेला माणूस दुकानाला अडवतो. खेड्यात गप्प बसलेली बाई दुकानाला राखते. दोघांचे गप्प बसणे सारखेच, हिशोब मात्र उलटा!

दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. दुकानदारही संसारी माणूस असतो, परवान्यात त्याचा पैसा गुंतलेला असतो, चार मतांनी तो रस्त्यावर येऊ नये म्हणून वरचा कठीण आकडा ठेवला, असे म्हणतात. अधिकृत दुकान उठले की हातभट्टी येते, असेही म्हणतात, आणि ते खोटे नाही. मालवणीला २०१५ साली विषारी दारूने शंभराहून जास्त माणसे गेली. चंद्रपूरचा अनुभव तर ताजा आहे. तिथे बायकांनी २०१० साली चिमूरहून नागपूरला पायी मोर्चा नेला, २०१५ पासून जिल्ह्यात बंदी आली, आणि चोरट्या दारूचे कारण देऊन २०२१ साली ती उठवलीही गेली. हे सारे आक्षेप जिल्हाभराच्या बंदीबद्दल विचारात घ्यावेच लागतील. पण 'माझ्या दारात दुकान नको' म्हणणारी बाई जिल्हा बंद करा म्हणत नाही. ती फक्त मला विचारा म्हणते. दुकानदाराच्या हक्काबद्दल म्हणाल, तर दारूचा धंदा करणे हा मूलभूत हक्क नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्ये खोडे डिस्टिलरीजच्या खटल्यात स्पष्ट केले आहे. परवाना ही सरकारने दिलेली सवलत आहे. मग सवलत घेणाऱ्याने शेजाऱ्याची संमती आणावी की शेजाऱ्याने आपल्या नकाराचा पुरावा गोळा करावा?

मला वाटते, दोन साध्या सुधारणा पुरेशा आहेत. परवाना जागा बदलतो तेव्हा सोसायटीला विचारतात तसे गल्लीला, ग्रामसभेला आधी विचारावे, आणि तिथल्या बायकांचे म्हणणे वेगळे नोंदवावे. आणि मतदान घ्यायचेच तर ते पडलेल्या मतांवर मोजावे, जसे सरपंचाचे मोजतो, आमदाराचे मोजतो. गैरहजेरी कुणाच्याच बाजूने धरू नये. यात दारूबंदीही आली नाही आणि महसूलही बुडाला नाही. फक्त जुन्या लिलावातल्या दोन माणसांत तिसऱ्याला बसायला जागा झाली.

असो. त्या बचत गटाच्या बायकांनी त्या दिवशी फळ्यावरचे गणित वहीत उतरवून घेतले. सह्या लगेच गोळा करायच्या नाहीत, ऊसतोडीवाल्या परत आल्यावर, पाडव्यानंतर अर्ज द्यायचा असे त्यांनी ठरवले. तोपर्यंत मतदारयादीतली वारलेल्यांची आणि लग्न होऊन गेलेल्यांची नावे काढायचे अर्ज भरायचे. यादीतली दर दोन नावे कमी झाली की लागणारे एक मत कमी होते, हे त्यांनी माझ्याआधी ओळखले. अर्ज कधी द्यायचा हे त्यांच्या हातात आहे, मतदान कधी लागेल हे नाही. यादीचे सात अर्ज मी स्वतः लिहून दिले आहेत. अक्षर अजून बरे आहे म्हणायचे!